नकारानंतरची वाट

(संस्थेच्या वार्षिक स्नेहसंमेलनातील पालक मेळाव्यात दिलेल्या भाषणाचा मजकूर)



आजच्या भाषणाचा विषय मी मुख्याध्यापक साहेबांना सांगितला, तेव्हा त्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला आणि विचारले, "पालक मेळाव्यात सिनेमातल्या बाईवर बोलणार?" मी म्हटले, "होय साहेब. पण सिनेमावर कमी बोलेन आणि मुलींच्या शिक्षणावर जास्त." त्यांनी परवानगी दिली. आता आपणही एवढी सवलत मला द्यावी. आधी ऐकून घ्या, आणि मग नाराज व्हायचे असेल तर अवश्य व्हा.

ज्या बाईविषयी मी बोलणार आहे तिचे नाव ग्रेटा गर्विग. ती अमेरिकन आहे. तिचा आणि आपला धर्म, भाषा, पेहराव, खाणेपिणे यांत काहीही साम्य नाही. तिच्यासारखे व्हा असे सांगायला मी इथे उभा नाही. पण तिच्या वाटचालीत मला एका शिक्षकाची चूक दिसली, आणि तो शिक्षक मीच होतो. ती गोष्ट आधी सांगतो.

तीन वर्षांपूर्वी नववीच्या वर्गात मी निबंध घातला होता. विषय नेहमीचाच, 'माझी आई'. चाळीस वह्या आल्या. त्यांतल्या एकोणचाळीस वह्यांत आई म्हणजे वात्सल्याचा सागर, मायेची सावली, देवाने घडवलेली मूर्ती. कोणत्या मार्गदर्शिकेतून कोणते वाक्य उचलले आहे, ते मी डोळे मिटून सांगू शकलो असतो. चाळिसाव्या वहीत एका मुलीने लिहिले होते की, तिची आई रात्री अकरापर्यंत शिलाई मशीन चालवते. बिल आले की अब्बांशी भांडते आणि भांडण झाल्यावर मशीन जास्त जोरात चालवते. म्हणून अंधारात पडल्या पडल्या मशीनच्या आवाजावरूनच तिला कळते की, आई आज रागात आहे की दमलेली आहे.

मी काय केले? लाल पेनाने शेरा मारला : 'विषयाला सोडून. घरातील भांडणे लिहू नयेत.' आणि दहापैकी चार गुण दिले.

त्यानंतर तिनेही मार्गदर्शिका आणली. तिच्या निबंधांना आठ-आठ, नऊ-नऊ गुण पडू लागले, आणि मलाही बरे वाटले की पोरगी सुधारली. मी बी.ए., बी.एड. झालेला माणूस. निबंध कसा तपासावा हे मला शिकवलेले होते. आपण काय पुसून टाकले, हे मात्र मला कळले नाही.

आता ग्रेटा गर्विगकडे वळतो.

तिचा जन्म ४ ऑगस्ट १९८३ रोजी सॅक्रामेंटो या गावी झाला. कॅलिफोर्निया म्हटले की आपल्याला हॉलिवूड आठवते. सॅक्रामेंटो त्याच राज्याची राजधानी असली, तरी सिनेमाच्या झगमगाटापासून दूर, शेतीच्या पट्ट्यातले शहर आहे. आई परिचारिका, वडील एका पतसंस्थेत लहान धंद्यांना कर्ज देण्याच्या कामावर. घरात कोणीही नट नाही, निर्माता नाही, ओळखपाळख नाही. शाळा मुलींची, ख्रिस्ती धर्मगुरुभगिनींच्या परंपरेतली. ही बाई म्हणजे नोकरदार माणसांची मुलगी, आपल्यापैकी पुष्कळांच्या मुलींसारखीच.

लहानपणी तिला नृत्याचे वेड होते. पुढे ती न्यूयॉर्कच्या बर्नार्ड कॉलेजात शिकायला गेली. हे मुलींचे जुने आणि नावाजलेले महाविद्यालय आहे. तिथून २००६ साली तिने इंग्रजी आणि तत्त्वज्ञान हे विषय घेऊन पदवी मिळवली. तिला व्हायचे होते नाटककार. त्यासाठी तिने पुढच्या शिक्षणाचे अर्ज भरले, आणि विद्यापीठांनी ते नाकारले.

विद्यार्थी मित्रांनो, या ठिकाणी थोडे थांबा. आपल्याकडे एखाद्या मुलाचा प्रवेश हुकला की घरात सुतक येते. नातेवाईक चौकशीला येतात, आई चुलीपाशी डोळे पुसते, आणि मुलगा सहा महिने तोंड लपवून फिरतो. नकार म्हणजे आपल्या लायकीवर कायमचा मारलेला शिक्का, अशी आपली समजूत. ग्रेटालाही त्या वेळी वाईट वाटलेच असणार. पण नाटक लिहायला शिकवणारे दार बंद झाले, तेव्हा जे दार किलकिले होते त्यातून ती आत गेली.

ते दार होते अगदी छोट्या चित्रपटांचे. अमेरिकेत मोठ्या स्टुडिओंच्या बाहेर, स्वतःच्या हिमतीवर आणि मित्रांच्या मदतीने जे चित्रपट काढले जातात, त्यांना स्वतंत्र चित्रपट म्हणतात. आपल्याकडच्या समांतर चित्रपटांचे ते दूरचे भावंड समजा. २००५-०६ च्या सुमारास काही तरुण मंडळी साधे डिजिटल कॅमेरे घेऊन असे चित्रपट काढत होती. सेट नाही, गाड्यांचा ताफा नाही, कुणाच्या तरी राहत्या घरात चित्रीकरण. संवाद पुष्कळदा जागच्या जागी सुचतील तसे. जो स्वानबर्ग हा त्यांतला एक दिग्दर्शक. त्याच्या २००६ च्या एका चित्रपटात ग्रेटाने लहानसे काम केले. २००७ साली त्याच्याच 'हॅना टेक्स द स्टेअर्स' या चित्रपटात तिने मुख्य भूमिका केली आणि लेखनातही वाटा उचलला. २००८ साली 'नाइट्स अँड वीकेंड्स' हा चित्रपट तर दोघांनी मिळून लिहिला, मिळून दिग्दर्शित केला आणि दोघांनीच त्यात कामे केली.

या चित्रपटांनी तिला पैसा दिला नाही. मग काय दिले? चित्रपटाच्या शाळेत ती कधी गेली नाही, ती शाळा तिला इथे मिळाली. जिथे माणसे मोजकी असतात, तिथे नटीला केवळ नटी राहून भागत नाही. लिहिणे, सामान उचलणे, दृश्य कसे जुळवायचे ते पाहणे, सगळे अंगावर पडते. आपल्याकडे गॅरेजमध्ये लागलेला मुलगा आधी पाने पुसतो, मग नटबोल्ट सोडवतो, आणि पाचसहा वर्षांनी आवाजावरून इंजिनाचे दुखणे ओळखतो. त्याने कोणते पुस्तक वाचले, असे कुणी विचारत नाही. ग्रेटाचे शिक्षण या जातीचे होते. फरक एवढाच की पदवी पदरात असल्यामुळे तिच्या हाताला वाचनाचीही जोड होती. पालकहो, हे दोन्ही हवे. नुसत्या पदवीने हात चालत नाही आणि नुसत्या हाताने पुष्कळदा नजर पुढे जात नाही.

२०१० साली नोआ बॉमबाक या दिग्दर्शकाच्या 'ग्रीनबर्ग' या चित्रपटात बेन स्टिलरसारख्या नामांकित नटाबरोबर तिला भूमिका मिळाली आणि लोकांचे लक्ष तिच्याकडे गेले. पुढे बॉमबाकबरोबर तिने 'फ्रान्सेस हा' लिहिला. हा चित्रपट २०१२ साली महोत्सवात दाखवला गेला आणि २०१३ साली सर्वत्र प्रदर्शित झाला. रंगीत जमान्यात हा चित्रपट कृष्णधवल आहे. त्यातली फ्रान्सेस सत्तावीस वर्षांची आहे. तिला नर्तकी व्हायचे आहे, आणि मंडळी तिला मुख्य संचात घेत नाही. भाडे परवडत नाही म्हणून ती एका खोलीतून दुसऱ्या खोलीत बिऱ्हाड हलवत राहते. शेवटी ती कार्यालयातली साधी नोकरी पत्करते आणि फावल्या वेळात स्वतः नृत्ये बसवू लागते. स्वतः नाचण्यापेक्षा दुसऱ्यांना नाचवण्यात आपला हात अधिक चालतो, हे तिला उमगते. यात फ्रान्सेस सुट्टीत सॅक्रामेंटोला आईवडिलांकडे जाते असा भाग आहे, आणि त्या आईवडिलांची कामे ग्रेटाच्या खऱ्या आईवडिलांनी केली आहेत. मला ही गोष्ट फार आवडली. मुलगी दूर गेली, मोठी झाली, आणि कामात आईबापांना बरोबर घेऊन उभी राहिली. या भूमिकेसाठी गोल्डन ग्लोब या पारितोषिकाकरिता तिला नामांकन मिळाले.

कुणीही म्हणाले असते, झाले, नटी म्हणून नाव झाले, आता मोठ्या भूमिका घ्याव्यात आणि सुखाने राहावे. पण तिच्या मनातली मूळ इच्छा लिहिण्याची होती, आणि ती तिने सोडली नव्हती. तिने एक पटकथा लिहायला घेतली. पहिला खर्डा साडेतीनशे पानांहून मोठा झाला! साधारण चित्रपटाची पटकथा शंभर-सव्वाशे पानांची असते. म्हणजे दोनतृतीयांश कापायचे होते. जे विद्यार्थी एकदा लिहून झालेला निबंध पुन्हा वाचण्याचाही कंटाळा करतात, त्यांनी हा आकडा लक्षात ठेवावा.

त्या पटकथेचा चित्रपट झाला तो 'लेडी बर्ड'. तो २०१७ साली प्रदर्शित झाला. एकटीने दिग्दर्शित केलेला तिचा हा पहिला चित्रपट. पदवीनंतर अकरा वर्षांनी. त्याला खर्च आला सुमारे १ कोटी डॉलर, म्हणजे तिकडच्या हिशेबाने अगदी बेताचा, आणि उत्पन्न झाले जवळजवळ ८ कोटी. २०१८ च्या ऑस्कर पारितोषिकांत त्याला पाच नामांकने मिळाली. त्यांत उत्कृष्ट दिग्दर्शनाचेही होते. ऑस्करचा तो नव्वदावा समारंभ होता, आणि इतक्या वर्षांत दिग्दर्शनासाठी नामांकन मिळालेली ग्रेटा ही केवळ पाचवी स्त्री. पारितोषिक मात्र त्या दिवशी एकही मिळाले नाही.

हा चित्रपट मी गेल्या दिवाळीच्या सुट्टीत एका मित्राच्या लॅपटॉपवर पाहिला. तो मुलांना दाखवावा असे मी म्हणणार नाही. त्यात अशा काही गोष्टी आहेत ज्या आपल्या घरात चालणार नाहीत, आणि तो तिकडेही मोठ्यांसाठीच आहे. पण पालकांना त्याची गोष्ट सांगण्यासारखी आहे.

सॅक्रामेंटोतली शाळेच्या शेवटच्या वर्षातली एक मुलगी. नाव क्रिस्टीन, पण स्वतःला म्हणवते लेडी बर्ड. हे काम सर्शा रोनन हिने केले आहे. आई परिचारिका, दुहेरी पाळ्या करून घर चालवते. लॉरी मेटकाफ या गुणी अभिनेत्रीने ही आई उभी केली आहे. वडिलांची नोकरी जाते. मुलीला दूर न्यूयॉर्कला शिकायला जायचे आहे. आईचे म्हणणे, परवडणारे नाही, जवळच्या सरकारी विद्यापीठात शीक. मुलगी म्हणते, तुला माझी किंमतच नाही. दोघी एकमेकींवर जीव टाकतात आणि एकमेकींशी सतत भांडतात. यांत चूक कोणाची? मी दोनदा पाहिला, मला ठरवता आले नाही. आईचा हिशेब खरा आहे. मुलीची ओढही खरी आहे.

बाप काय करतो? तो मुलीबरोबर बसतो आणि आर्थिक मदतीचे अर्ज भरतो. आरडाओरडा नाही, उपदेश नाही. कागद काढतो आणि भरतो. मुलीने दूर अर्ज केल्याचे आईला कळते, तेव्हा आई अबोला धरते. विमानतळावर सोडायला येते, पण गाडीतून उतरत नाही. गाडी पुढे काढते आणि मग तिला भडभडून येते. ती गाडी वळवून धावत आत जाते, तोवर मुलगी गेलेली असते. न्यूयॉर्कला पोचल्यावर मुलीच्या सामानात कागद सापडतात. आईने तिला लिहायला घेतलेली आणि चुरगाळून टाकलेली पत्रे. बापाने ती कचऱ्यातून उचलून तिच्या सामानात ठेवलेली असतात. मग ती मुलगी घरी फोन करते. आईने ठेवलेले आपले खरे नाव सांगते, आणि आईचे आभार मानते.

मला जे प्रकरण सर्वांत लागले ते वेगळेच आहे. शाळेतल्या एक वृद्ध धर्मगुरुभगिनी मुलीचा प्रवेशासाठी लिहिलेला निबंध वाचतात. ज्या गावाला ती मुलगी सदा नावे ठेवते, त्या गावाबद्दल तो आहे. त्या म्हणतात, तुझे या गावावर प्रेम आहे हे दिसते. मुलगी म्हणते, मी फक्त लक्ष देऊन पाहते. तेव्हा त्या बाई विचारतात की, प्रेम आणि लक्ष देणे या दोन गोष्टी एकच नसतील कशावरून?

बंधु-भगिनींनो, मी तिथे लॅपटॉप थांबवला. मला शिलाई मशीनचा आवाज ऐकू आला. अंधारात पडून आईच्या पायाची चाल ऐकणारी माझ्या वर्गातली मुलगी, तिने लक्ष दिले होते. आणि मी तिला दहापैकी चार गुण दिले होते.

गोष्ट पुरी करतो. 'लेडी बर्ड'नंतर ग्रेटाने २०१९ साली 'लिटल विमेन' हा चित्रपट केला. लुइझा मे अल्कॉट हिच्या १८६८-६९ सालच्या कादंबरीवर तो आधारलेला आहे. आपल्यापैकी अनेकांनी ती कादंबरी शान्ता शेळके यांच्या सुंदर मराठीत 'चौघीजणी' म्हणून वाचली असेल. आपल्या शाळेच्या ग्रंथालयातही तिची प्रत आहे आणि बांधणी सुटेपर्यंत मुलींनी ती वाचली आहे. ग्रेटाने ही गोष्ट उलगडली ती मोठ्या झालेल्या ज्योपासून. ज्यो आपली कथा विकायला प्रकाशकाच्या कचेरीत उभी आहे, तिथून चित्रपट सुरू होतो. शेवटी तीच ज्यो प्रकाशकाशी पैशाची घासाघीस करते. हक्क विकून टाकायचे नाकारते आणि विक्रीवर ६.६ टक्के ठरवून घेते. प्रत्यक्षात अल्कॉटनेही आपल्या पुस्तकाचे हक्क स्वतःकडे ठेवले होते आणि त्यावर तिचे घर चालले. आपल्या मुलींना भरतकाम, शिवणकाम, मेंदी सगळे उत्तम येते. आपल्या कामाची किंमत सांगणे मात्र येत नाही, कारण ते आपण शिकवत नाही. या चित्रपटाला सहा नामांकने मिळाली आणि वेशभूषेसाठी ऑस्कर मिळाले.

त्यानंतर २०२३ साली आला 'बार्बी'. मुलींच्या हातातली ती प्रसिद्ध बाहुली, तिच्यावरचा हा चित्रपट. जगभरात त्याने १४० कोटी डॉलरहून अधिक उत्पन्न मिळवले आणि त्या वर्षी सर्वांत जास्त कमाई करणारा चित्रपट तोच ठरला. एकट्या स्त्रीने दिग्दर्शित केलेल्या चित्रपटाने १०० कोटी डॉलरचा टप्पा ओलांडण्याची ही पहिलीच वेळ. तिने एकटीने दिग्दर्शित केलेल्या या तिन्ही चित्रपटांना उत्कृष्ट चित्रपटाचे ऑस्कर नामांकन मिळाले. २०२४ साली फ्रान्समधल्या कान महोत्सवात ती परीक्षक मंडळाची अध्यक्ष होती. नाटक शिकायला जिला प्रवेश मिळाला नाही, ती आता जगाच्या चित्रपटांना गुण देत होती.

कोणी म्हणेल, सर, हे सगळे अमेरिकेत. म्हणून आपल्याच मुंबईची एक आठवण देतो. १९१३ साली दादासाहेब फाळक्यांनी 'राजा हरिश्चंद्र' काढला, तेव्हा तारामतीच्या भूमिकेला बाई मिळेना. ते काम साळुंके नावाच्या पुरुषाने केले. त्यानंतर केवळ तेरा वर्षांनी, १९२६ साली, उर्दू रंगभूमीवरून आलेल्या फातमा बेगम या अभिनेत्रीने स्वतःची चित्रसंस्था काढली आणि 'बुलबुल-ए-परिस्तान' हा मूकपट दिग्दर्शित केला. भारतातली पहिली स्त्री दिग्दर्शिका म्हणून तिचे नाव घेतले जाते. भारताचा पहिला बोलपट 'आलम आरा', १९३१ सालचा, त्याची नायिका झुबेदा ही तिचीच मुलगी. म्हणजे नटीने दिग्दर्शन करण्याची वाट आपल्याकडे जवळजवळ शंभर वर्षांपूर्वीच पडलेली आहे. त्या मूकपटाची प्रत आज उपलब्ध नाही. बायकांनी केलेले काम जपून ठेवायला आपण फार लवकर विसरतो, एवढेच यावरून म्हणावेसे वाटते.

आता माझ्या विद्यार्थिनीकडे परत येतो. ती सध्या बारावीला आहे. दिवाळीनंतर मी तिच्या घरी गेलो. आईने मशीन थांबवून चहा केला. मी मुलीला म्हटले, "नववीतली ती निबंधाची वही आहे का ग? मला पुन्हा वाचायची आहे." ती म्हणाली, "सर, ती रद्दीत दिली."

मी तिला सांगितले की, तो निबंध चांगला होता, शेरा माझाच चुकला. ती थोडी गोंधळली. मग म्हणाली, "पण सर, तुम्ही सांगितलं तसं लिहिल्यावर मार्क पडले की." यावर माझ्याजवळ उत्तर नव्हते. मी म्हटले, "ते पुन्हा लिहिशील का?" ती म्हणाली, "तसंच आता नाही यायचं."

पंधरा दिवसांनी तिने मला दोन पाने आणून दिली. तिचे अब्बा रिक्षा चालवतात. रात्री शेवटची एस.टी. येईपर्यंत स्टँडवर थांबतात, त्याविषयी होते. मी ती वाचली. त्यावर गुण लिहिले नाहीत. फक्त दोन ठिकाणी ऱ्हस्वदीर्घ दुरुस्त केले.

मागच्या महिन्यात तिचे वडील मला भेटायला आले. म्हणाले, "सर, पोरगी म्हणते पत्रकारिता शिकायला पुण्याला जायचं. शिकवायला माझी ना नाही. पण बाहेरगावी, एकटी? लोक काय म्हणतील ते सोडा, पैसे कुठनं आणू?" दोन वर्षांपूर्वी, तिच्या दहावीनंतर, त्यांनी मला असेच विचारले होते, आणि मी ठेवणीतले उत्तर दिले होते : "गावातच काहीतरी बघू या, भाई." सोपे उत्तर होते. त्यात कुणालाच त्रास नव्हता, फक्त मुलीचा विचार नव्हता.

या वेळी मी म्हटले, "बसा भाई, हिशेब मांडू." आम्ही कागद घेतला. कॉलेजची फी, मुलींच्या सरकारी वसतिगृहाचा खर्च, मेस, येण्याजाण्याचे भाडे. दुसऱ्या बाजूला कोणत्या शिष्यवृत्त्यांना ती पात्र ठरते, त्यांना कोणते दाखले लागतात, उत्पन्नाचा दाखला कुठे मिळतो. सगळा हिशेब अजून जमलेला नाही. थोडी तूट आहे, आणि ती भरून काढण्यासाठी संस्थेच्या विद्यार्थी साहाय्य निधीकडे रीतसर अर्ज करण्याचे ठरवले आहे. वडिलांनी त्यावर सही केली. सही करताना म्हणाले, "आता हिच्या अम्मीला कोण सांगणार?"

तिच्या आईने अजून होकार दिलेला नाही. ती बोलत नाही, मशीन चालवते. मी तिची बाजू चुकीची मानत नाही. ज्या बाईने पै-पैचा संसार केला, तिला परक्या शहराची भीती वाटणारच. त्या भीतीला जुनाट विचार म्हणून हिणवणे हा शहाणपणा नव्हे. तिला घेऊन एकदा पुण्याला जावे, वसतिगृह दाखवावे, तिथल्या बाईंशी तिची गाठ घालून द्यावी, असे मी सुचवले आहे. पुढे काय होते ते पाहू.

समारोप करताना पालकांना माझी तीन मागणी आहेत. पहिली, मुलाने किंवा मुलीने एखादी वेगळी इच्छा बोलून दाखवली, तर 'नाही' म्हणण्याआधी एकदा कागद-पेन्सिल घेऊन हिशेब मांडा. हिशेब करून दिलेला नकार मुलांना पटतो. हिशेब न करता दिलेला नकार त्यांना आयुष्यभर सलतो. दुसरी, एखादा प्रवेश हुकला, एखादी परीक्षा राहिली, तर घरात सुतक पाळू नका. त्याच दिवशी जेवताना विचारा, आता दुसरे कोणते दार उघडे आहे? तिसरी, आपली मुले काय पाहतात, काय ऐकतात, ते त्यांना विचारा. त्यांनी आपल्याविषयी खरे काही लिहिले तर राग मानू नका. त्यांनी आपल्याकडे लक्ष दिले आहे, हे समजून घ्या.

विद्यार्थी मित्रांनो, तुम्हाला एकच सांगतो. ग्रेटा गर्विगची अकरा वर्षे विसरू नका. 'बार्बी'चे १४० कोटी सर्वांना दिसतात. कुणाच्या तरी राहत्या घरात, साध्या कॅमेऱ्यासमोर, बिनपैशाचे काम करत ती शिकली, ते दिवस दिसत नाहीत. मोठेपणाची घाई करू नका आणि कामाची लाज बाळगू नका. आणि आपल्या घराची, गल्लीची, आईच्या मशीनची गोष्ट लिहायला कचरू नका. मार्गदर्शिकेत ती सापडणार नाही. ती फक्त तुमच्याजवळ आहे.

माझ्या शिक्षक बंधूंना काही सांगण्याचा मला अधिकार नाही. एवढेच म्हणतो की, लाल पेन उचलण्यापूर्वी मी आता थोडा थांबतो.